दहाव्या इनिंगला दुसऱ्या बेसवर फुकटचा धावक: बेसबॉलमधला हा नियम जायला हवा

स्कोअरबुक (न्यू जर्सी)

२७ ऑक्टोबर २०२५ च्या रात्री लॉस एंजेलिसला वर्ल्ड सीरिजचा, म्हणजे बेसबॉलच्या अंतिम मालिकेचा, तिसरा गेम सुरू झाला. तो संपला तेव्हा आमच्याकडे पहाटेचे तीन वाजायला दहा मिनिटं होती. डॉजर्स ६, ब्लू जेज ५. १८ इनिंग्ज, सहा तास एकोणचाळीस मिनिटं. मी टीव्हीवर गेम बघतानाही वहीत पेन्सिलीने स्कोअर लिहितो, फार जुनी सवय आहे. माझ्या वहीच्या पानावर बारा इनिंग्जचे रकाने आहेत. तेरावी सुरू झाली तेव्हा पान उलटलं, छापलेला १ खोडला आणि वर १३ लिहिलं. डॉजर्सच्या ओहतानीची ओळ आजही काढून बघतो: दोन होम रन, दोन डबल (एका फटक्यात दुसरा बेस), आणि मग त्याला खेळता येईल असा चेंडूच कुणी टाकेना म्हणून पाच वॉक (चार खराब चेंडूंवर मिळणारा पहिला बेस). नऊ वेळा बॅटिंगला आला, नऊही वेळा बेसवर पोचला.

पण हा धागा विल क्लाइनमुळे काढतोय. डॉजर्सच्या बुलपेनमध्ये, म्हणजे राखीव पिचर्समध्ये, उरलेला हा शेवटचा माणूस. सगळ्यात वरच्या मेजर लीगमध्ये इतकं त्याने कधीच टाकलं नव्हतं. त्या रात्री चार इनिंग्ज टाकल्या, ७२ पिचेस (चेंडू), एकही रन दिला नाही. दोनच दिवसांपूर्वी अख्खा गेम एकट्याने टाकलेला यामामोतो तिकडे हात गरम करत होता, कारण क्लाइननंतर कुणीच शिल्लक नव्हतं. मग अठराव्यात फ्रेडी फ्रीमनने सेंटर फील्डवरून चेंडू बाहेर काढला आणि क्लाइनच्या नावावर विजय लागला.

हाच गेम जुलैमध्ये, साध्या सीझनमध्ये, असता तर क्लाइन कुणाला दिसलाही नसता. २०२० च्या कोरोना सीझनमध्ये तात्पुरता म्हणून एक नियम आणला: नऊ इनिंग्जनंतर बरोबरी असली तर दहाव्यापासून प्रत्येक टीम इनिंग सुरू करते तीच दुसऱ्या बेसवर माणूस उभा करून. बॅटिंग ऑर्डरमध्ये आधीचा जो असेल तो तिथे जाऊन उभा राहतो. २०२३ मध्ये नियम कायमचा झाला. प्लेऑफमध्ये (सीझननंतरच्या बाद फेऱ्या, वर्ल्ड सीरिजही त्यातच) मात्र लावत नाहीत. का लावत नाहीत? कारण गेम खरोखर महत्त्वाचा असतो तेव्हा असा फुकटचा धावक चालणार नाही, हे नियम करणाऱ्यांनाही पटलेलं आहे.

बेसबॉलमध्ये प्रत्येक बेस कमवावा लागतो. हिट मारा, वॉक मिळवा, चेंडू अंगावर घ्या, समोरच्याला चूक करायला लावा. इथे तो माणूस काहीही न करता तिथे असतो. बंट (बॅटने हलकेच थोपवलेला चेंडू) मारून त्याला तिसऱ्यावर न्या, एक उंच फ्लाय मारा, रन झाला. एकही बॅटर बेसवर न पोचता पिचर गेम हरू शकतो. हे मला मान्य होत नाही.

वेळ वाचवायचा म्हणाल तर तो वाचलेला आहे. २०२३ मध्ये पिच क्लॉक (ठरावीक सेकंदांत चेंडू टाकायचा नियम) आल्यावर नऊ इनिंग्जचा गेम तीन तास चार मिनिटांवरून दोन तास चाळीस मिनिटांवर आला. त्यातली थोडी मिनिटं एक्स्ट्रा इनिंग्जना परत द्या.

रात्रपाळी

दादा, तुम्ही सोफ्यावर बसून तेराव्या इनिंगला पान उलटलंत. मी तेराव्या इनिंगला काउंटरमागे उभा होतो.

एमएस करताना दोन उन्हाळे मी एका मायनर लीग (मेजर लीगच्या खालची पायरी) स्टेडियममध्ये हॉट डॉगच्या गाळ्यावर काम केलं. सातव्या इनिंगनंतर बिअर बंद. नवव्यात रोलरवरचे सॉसेज मोजून उतरवायचे, पाणी ओतून ग्रिल घासायची. आणि नेमकी तेव्हाच बरोबरी झाली की सुपरवायझर सांगायचा, थांबा, अर्धं चालू ठेवा. अकराव्याला लहान पोरांचे आईबाप उठायचे, पोर खांद्यावर झोपलेलं. बाराव्याला स्टेडियममध्ये आवाज फक्त अंपायरचा. माझी शेवटची बस ११.४० ला असायची. ती गेली की चार मैल चालत. उन्हाळाभरात तीनदा चाललो.

तासाचे पैसे मिळायचे, तक्रार त्याची नाही. पण एक्स्ट्रा इनिंग्जवर प्रेम करणारे लोक सहसा घरी असतात, हे मात्र मी तेव्हा पाहिलं. खेळाडूंचंही तेच. मायनर लीगची पोरं रात्री दीडला गेम संपवून बसमध्ये चढायची आणि सहा-सात तासांवरच्या गावात संध्याकाळी परत मैदानात. २०१८ मध्ये हा नियम आधी मायनर लीगमध्ये आला, आणि मला तो तिथे शंभर टक्के योग्य वाटतो.

शिवाजी_पार्क

मी मुंबईचा. बेसबॉल अलीकडे बघायला लागलो, ही मॅच आमच्याकडे २८ तारखेला सकाळी पावणेसहाला सुरू झाली आणि दुपारी सव्वाबारा उलटून गेल्यावर संपली. ऑफिसात दोन मीटिंगा कानात इयरफोन घालून काढल्या.

क्रिकेटवाल्यांना हा वाद नवा नाही. १९३९ च्या मार्चमध्ये डर्बनला इंग्लंड आणि दक्षिण आफ्रिकेची वेळेचं बंधन नसलेली टेस्ट झाली. निकाल लागेपर्यंत खेळायचं, असं ठरलेलं. ३ तारखेला सुरू झाली, १४ ला सोडून दिली, कारण इंग्लंडची बोट चुकली असती. जिंकायला ६९६ हवे होते आणि ते ५ बाद ६५४ वर होते. ४२ रन्स राहिले! त्यानंतर बिनमुदतीच्या टेस्ट बंद झाल्या आणि कुणी त्यासाठी रडलं नाही.

उलट बाजूही आहे. २०१९ च्या वर्ल्ड कप फायनलला सुपर ओव्हरही बरोबरीत सुटली आणि चौकार-षटकार मोजून कप दिला. न्यूझीलंडचं ते दुःख मी विसरू शकत नाही. निकाल हवाच म्हणून कसला तरी निकाल लावला की असं होतं. तेव्हा माझा प्रश्न साधा आहे: बरोबरी झाली तर बरोबरी द्या ना. अमेरिकनांना बरोबरीचं इतकं वावडं का?

खांदा_आणि_कोपर

मी फिजिओथेरपिस्ट आहे, कॉलेजच्या पिचर्सबरोबर काम करते. स्कोअरबुकदादा, क्लाइनबद्दल तुम्ही मनापासून लिहिलंय, मलाही तो आवडला. पण वर्ल्ड सीरिजमध्ये तो दुसऱ्या दिवशीही टीममध्येच होता. जुलैमध्ये काय होतं ते सांगते.

टीममध्ये माणसं २६. गेम पंधरा-सोळा इनिंग्ज गेला की बुलपेन रिकामं, आणि उद्या पुन्हा गेम आहे. मग सकाळी मायनर लीगमधून ताज्या हाताचा पिचर बोलावतात. त्याला जागा करायची म्हणजे कुणाला तरी खाली पाठवावं लागतं. कुणाला? ज्याचा हात आता चार दिवस उपयोगाचा नाही त्याला. म्हणजे रात्री ज्याने चार इनिंग्ज टाकून टीमला वाचवलं, त्यालाच. खाली पगार खूप कमी. बक्षीस म्हणून हातात बॅग.

जुन्या गोष्टीही अर्ध्याच सांगितल्या जातात. १ मे १९२० ला बोस्टनला ब्रुकलिन आणि बोस्टन ब्रेव्हज २६ इनिंग्ज खेळले, मेजर लीगमध्ये इनिंग्जच्या हिशोबाने तो विक्रम अजून टिकून आहे. लिऑन कॅडोर आणि जो ओश्गर या दोघांनी सगळ्याच्या सगळ्या २६ टाकल्या. अंधार पडला, १-१ वर थांबवलं. सगळे वाहवा करतात. नंतर तीन दिवस केस विंचरायलाही हात वर जात नव्हता, असं कॅडोरने सांगून ठेवलंय. तो भाग कुणी सांगत नाही.

कोपरातला लिगामेंट सगळ्यात जास्त ताणला जातो तो थकल्यावर टाकलेल्या चेंडूंनी. खांदा दमला, पाय दमले की सगळा भार तिथे येतो. माझ्या टेबलावर एकोणीस-वीस वर्षांची मुलं येतात, कोपराच्या आतल्या बाजूला बोट ठेवलं की डोळ्यांत पाणी येतं. पुढे ऑपरेशन आणि वर्षभर किंवा त्याहून जास्त बाहेर. मला तो दुसऱ्या बेसवरचा माणूस हवा आहे.

स्कोअरबुक (न्यू जर्सी)

ताई, खाली पाठवण्याचा मुद्दा खरा आहे, मी तो नाकारणार नाही. पण त्यावर उपाय टीममध्ये आहे. लांबलेल्या गेमनंतर एका दिवसासाठी सत्ताविसावा माणूस घेऊ द्या, कुणाला खाली न पाठवता. डबलहेडरच्या (एकाच दिवशी दोन गेम) दिवशी एक जादा माणूस घेऊ देतातच. माणसं कमी पडतात म्हणून खेळच बदलायचा, हे उलटं झालं.

शिवाजी_पार्क, तुमचे ४२ रन्स वाचून वाईट वाटलं. पण बघा, ८६ वर्षांपूर्वीची ती मॅच तुम्हाला आकड्यानिशी तोंडपाठ आहे.

रात्रपाळी, तुमच्या चार मैलांना माझ्याकडे उत्तर नाही. तरी पॉटकेटबद्दल लिहितो, कारण तीही मायनर लीगच होती.

१८ एप्रिल १९८१, ऱ्होड आयलंडमधलं पॉटकेट, ईस्टरच्या आदली रात्र. पॉटकेट रेड सॉक्स विरुद्ध रॉचेस्टर रेड विंग्ज. ठरावीक वेळेनंतर नवी इनिंग सुरू करायची नाही, असा लीगचा नियम होता, पण अंपायरांच्या हातातल्या पुस्तिकेत तो छापायचा राहून गेलेला. म्हणून खेळ चालूच. वारा बॅटरच्या तोंडावर. थंडी इतकी की खेळाडूंनी मोडक्या बॅटी ड्रममध्ये टाकून पेटवल्या आणि डगआउटमध्ये हात शेकत बसले. २१व्यात रॉचेस्टरने रन काढला, लोकांना वाटलं सुटलो, तर त्याच इनिंगच्या खालच्या अर्ध्यात, म्हणजे पॉटकेटच्या पाळीत, वेड बॉग्जने डबल मारून पुन्हा बरोबरी केली. लुईस अपोंटे नावाचा पिचर आपलं काम संपवून पहाटे घरी गेला, बायकोचा विश्वासच बसेना की हा एवढा वेळ मैदानावर होता. शेवटी लीगच्या अध्यक्षांना फोन लागला आणि ३२ इनिंग्जनंतर, ईस्टरच्या पहाटे ४ वाजून ७ मिनिटांनी, २-२ वर खेळ थांबला. सुरुवातीला १,७४० लोक होते. तेव्हा १९ उरले होते.

२३ जूनला पुढे सुरू केला. मेजर लीगमध्ये तेव्हा संप चालू होता, त्यामुळे देशभरचे पत्रकार त्या छोट्या गावात. आणि १८ मिनिटांत संपला! ३३व्यात डेव्ह कोझाने सिंगल मारला, मार्टी बॅरेट घरी आला, ३-२. एकूण आठ तास पंचवीस मिनिटं.

त्या गेममध्ये एका बाजूला बॉग्ज आणि दुसऱ्या बाजूला कॅल रिपकेन ज्युनिअर होता. दोघेही पुढे हॉल ऑफ फेममध्ये गेले. कोझा मेजर लीगमध्ये एकदाही खेळला नाही. तरी पॉटकेटच्या लोकांना त्याचं नाव माहीत आहे. फुकटचा धावक असता तर तो गेम अकराव्यात संपला असता आणि कोझाला कुणी ओळखलंही नसतं.

रात्रपाळी

१,७४० पैकी १,७२१ लोक घरी गेले. बेसबॉलवर त्यांचंही प्रेम होतं, म्हणून तर ते एप्रिलच्या थंडीत आले होते. त्यांना शेवट बघता आला नाही. माझी बाजू त्यांची आहे. दहा वर्षांच्या पोराला वडिलांनी पहिल्यांदा गेमला आणलं, आणि शेवट गाडीतल्या रेडिओवर कळला किंवा सकाळी कळला. अकराव्यात संपला तर ते पोर विजय डोळ्यांनी बघून घरी जाईल.

ओसाकाकर

शिवाजी_पार्क यांनी बरोबरीचा विषय काढला म्हणून लिहितो. जपानच्या प्रो लीगमध्ये तेच आहे. बारा इनिंग्ज, आणि तरी समान तर बरोबरी. फुकटचा धावक नाही. २०११ च्या भूकंपानंतर वीज वाचवायला साडेतीन तासांनंतर नवी इनिंग सुरू करायची नाही, असंही ठरवलं होतं. मी इथल्या कोशिएन स्टेडियमला बरेच गेम बघितलेत. बाराव्याचा शेवटचा बाद झाला की दोन्ही टीम रांगेत उभ्या राहून वाकतात, लोक टाळ्या वाजवतात आणि स्टेशनकडे चालायला लागतात. कुणी फसवल्यासारखं बोलत नाही. आणि बारावी हीच शेवटची हे माहीत असल्यामुळे त्या इनिंगला जी धार येते ती मला तरी दुसरीकडे दिसलेली नाही. मॅनेजर उरलेला प्रत्येक पिचर त्या हिशोबाने वापरतो.

शाळेच्या पोरांचं मात्र वेगळं. १९९८ च्या उन्हाळ्यात कोशिएनला शाळांच्या स्पर्धेत मात्सुझाका नावाच्या पिचरने १७ इनिंग्ज टाकल्या, २५० पिचेस. इथले लोक अजून त्याबद्दल भारावून बोलतात. मीही भारावलो होतो. आता माझा मुलगा शाळेच्या टीममध्ये पिचर आहे आणि तो आकडा ऐकला की पोटात गोळा येतो. २०१८ मध्ये त्या स्पर्धेत टायब्रेक आला, तेव्हा तेराव्यापासून, २०२३ पासून दहाव्यापासूनच, पहिल्या आणि दुसऱ्या बेसवर माणसं ठेवून. अगदी योग्य केलं. तेव्हा माझं मत: मुलांना टायब्रेक, प्रो लोकांना बारानंतर बरोबरी.

खांदा_आणि_कोपर

ओसाकाकर, हे मला चालेल. निकालापेक्षा हात महत्त्वाचा. पण १६२ गेमच्या सीझनमध्ये अमेरिकन लोक बरोबरी कधीच स्वीकारणार नाहीत. आणि स्कोअरबुकदादा, सत्ताविसाव्या माणसाची कल्पना चांगली आहे, पण ती दुसऱ्या दिवसाची सोय आहे. तेराव्या इनिंगला पिचरच्या उंचवट्यावर उभा असलेल्या मुलाला तिचा उपयोग नाही. त्याला त्या क्षणी कुणी थांबवणारं हवं.

एक मात्र मान्य करते. नियमाने सगळं सुटतं असंही नाही. २०२१ च्या ऑगस्टमध्ये हा नियम असतानाच सॅन डिएगोला डॉजर्स आणि पाड्रेज १६ इनिंग्ज खेळलेच.

स्कोअरबुक (न्यू जर्सी)

तो गेम मी बघितलाय. दोन्ही टीम दुसऱ्या बेसवरच्या माणसाला पुन्हा पुन्हा तिथेच अडकवत होत्या. चांगलं पिचिंग होतं, कबूल करतो.

दोन दिवस तुमचे प्रतिसाद वाचून माझी मागणी थोडी बदलतोय. दहा, अकरा, बारा या तीन इनिंग्ज स्वच्छ खेळू द्या, जसा खेळ नऊपर्यंत चालला तसाच. धावक आणायचाच असेल तर तेराव्यापासून आणा. बहुतेक गेम तोपर्यंत आपापल्या रीतीने सुटतात. मायनर लीगमध्ये दहाव्यापासूनच राहू दे, रात्रपाळींचं म्हणणं मला तिथे पटलं. पण मेजर लीगमध्ये नवव्याला घासून बरोबरी साधलेल्या टीमला दहाव्याच्या पहिल्याच पिचला समोर दुसऱ्या बेसवर माणूस दिसावा, हे मला अजून सहन होत नाही.

रात्रपाळी

तेराव्यापासून असेल तर माझा विरोध मागे. बसची वेळ मात्र स्टेडियमवाल्यांनी बघावी.