गेम उघडायला उशीर लागतोय? मराठवाड्यातल्या मंडळींनो, तुमचा अनुभव सांगा

छत्रपती संभाजीनगर (धागा उघडणारा)

मंडळी, प्ले दाबलं की गेम उघडेपर्यंत चहा होऊन जातो, ही तक्रार माझ्याकडे दर आठवड्याला कुणीतरी घेऊन येतं. कॉलेजची पोरं असतात, भाचे-पुतणे असतात, परवा तर एका मित्राच्या वडिलांनी विचारलं. आणि आपल्याकडे यावर मिळणारं उत्तर ठरलेलं: "विंडोज मारून घे" किंवा "गेम काढून परत टाक".

हे उत्तर मला पटत नाही. काउंटर-स्ट्राइक २ हा एकटा गेम ८५ जीबी जागा मागतो. तालुक्याच्या गावात ज्याचं सगळं मोबाइलच्या हॉटस्पॉटवर चालतं आणि दिवसाला २ जीबी नेट मिळतं, त्यानं हा गेम परत उतरवायचा म्हणजे कित्येक आठवडे गेले. पुण्या-मुंबईच्या पोराला "री-इन्स्टॉल कर" म्हणणं सोपं आहे. आपल्याकडे तो शेवटचा उपाय असला पाहिजे.

आधी एवढंच बघा की वेळ नेमका कुठे जातो. क्लायंटच (म्हणजे स्टीमसारखं गेम उतरवणारं आणि चालवणारं सॉफ्टवेअर) उघडायला वेळ लागतो? की क्लायंट पटकन उघडतं, पण प्ले दाबल्यावर गेमची खिडकीच येत नाही? की खिडकी येते आणि काळीच राहते? की मेन्यूपर्यंत सगळं ठीक आणि पुढे लोडिंगचा गोल फिरत राहतो? चारही ठिकाणची दुखणी वेगळी असतात. प्ले दाबायच्या आधी कंट्रोल-शिफ्ट-एस्केप दाबून टास्क मॅनेजर उघडा, परफॉर्मन्सच्या पानावर या आणि मग प्ले दाबा. डिस्क १०० टक्क्यांवर जाते, सीपीयू जातो, रॅम भरते की काहीच हलत नाही? ते इथे लिहा. स्टीम असो की दुसरं कुठलं क्लायंट. शेवटी काय निघालं तेही नक्की लिहा, कारण तेवढंच दुसऱ्याच्या कामाला येतं.

लातूर

भाऊ, माझं चौथ्या ठिकाणचं दुखणं. इथे शिकायला आलो तेव्हा घरच्यांनी घेऊन दिलेला लॅपटॉप, त्यात १ टीबीची ५४०० आरपीएमची हार्ड डिस्क. मेन्यू यायचा, मग मॅप लोड व्हायला चार-पाच मिनिटं. तोवर मॅच सुरू झालेली असायची आणि सोबतची पोरं फोनवर ओरडायची.

टास्क मॅनेजरमध्ये डिस्क १०० टक्के, पण खाली वाचनाचा वेग बघितला तर सेकंदाला एक-दोन एमबी. मला वाटलं डिस्क खराब झाली. तसं नव्हतं. अशी डिस्क एक मोठी सलग फाइल वाचते तेव्हा सेकंदाला १०० एमबीच्या आसपास देते. गेम मात्र हजारो बारीक तुकडे इकडून तिकडून मागतो. प्रत्येक तुकड्यासाठी आतली सुई जागा बदलते आणि तबकडी फिरून तिथे येईपर्यंत थांबते. त्या थांबण्यातच सगळा वेळ जातो.

सेमिस्टर संपल्यावर साटा एसएसडी, म्हणजे फिरती तबकडी नसलेली डिस्क, टाकून घेतली. तिचा सलग वाचनाचा वेग ५५० एमबीच्या घरात, पण खरा फायदा त्या बारीक तुकड्यांना होतो. छोटी एसएसडी असली तरी चालते. विंडोज आणि जो गेम रोज खेळता तेवढाच तिच्यावर ठेवा, बाकीचे जुन्या डिस्कवर राहू द्या. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये स्टोरेज म्हणून पान आहे, तिथून गेम एका ड्राइव्हवरून दुसऱ्यावर हलवता येतो, नेटचा एक एमबीही जात नाही. आता मॅप अर्ध्या मिनिटाच्या आत येतो. एक गोष्ट आधीच सांगून ठेवतो, म्हणजे कुणी नाराज होणार नाही: एसएसडीने गेम लवकर उघडतो, एफपीएस (सेकंदाला दिसणारी चित्रं) वाढत नाहीत. ते काम ग्राफिक्स कार्डाचं.

उदगीर

माझ्याकडे क्लायंटच उघडायला वेळ लावायचं, गेम नाही. कंट्रोल पॅनलमधल्या इंटरनेट ऑप्शन्समध्ये जाऊन कनेक्शन्स, मग लॅन सेटिंग्ज. तिथली 'ऑटोमॅटिकली डिटेक्ट सेटिंग्ज'ची खूण काढली. लगेच फरक पडला. कॉलेजच्या किंवा ऑफिसच्या नेटवर प्रॉक्सी (नेटच्या वाटेतला मधला सर्व्हर) लागत असेल तर मात्र आधी तिथल्या माणसाला विचारा.

परभणी

आमच्याकडं मे महिन्यात पारा ४४ च्या पुढं जातोय, हे सांगायची गरज नाही. माझा लॅपटॉप दुपारी गेम उघडायला लई वेळ घ्यायचा आणि रात्री अकरानंतर तोच गेम बरा उघडायचा. नेटचा दोष असेल असं वाटलं, कारण रात्री नेटही बरं चालतंय. पण नेट बंद करून बघितलं तरी दुपारी तेच.

टास्क मॅनेजरमध्ये सीपीयूचा वेग बघितला. एरवी ३ गिगाहर्ट्झच्या वर पळणारा प्रोसेसर दुपारी १ च्या खाली येऊन बसायचा. तापला की स्वतःला वाचवायला तो वेग कमी करतोय. गेम उघडताना फाइली उलगडणं, शेडर (ग्राफिक्स कार्डासाठीचे छोटे प्रोग्रॅम) तयार करणं ही सगळी कामं सीपीयूचीच, म्हणून उशीर.

दुकानात नेऊन उघडला तर पंख्याच्या मागच्या जाळीवर राखाडी नमद्यासारखा थर बसलेला. बोटानं ओढला तर अख्खी पट्टी निघून आली. आम्ही उन्हाळाभर पाण्याचा कूलर खिडकीत लावतो, आणि टेबल त्याच्या समोर. ती ओली हवा आणि वावटळीची धूळ सगळी लॅपटॉपनं ओढून घेतलेली. साफ करून थर्मल पेस्ट बदलली. दुपारीही वेग टिकायलाय आता. ज्यांच्या घरी कूलर आहे त्यांनी टेबलाची जागा आधी बदला, हे मी कळकळीनं सांगतो.

नांदेड

माझा टप्पा दुसरा. प्ले दाबलं की क्लाउड सिंक होतंय असं दाखवायचं आणि तिथंच अडकायचं. सेव्ह केलेला खेळ सर्व्हरवरून तपासून झाल्याशिवाय गेम पुढं जात नाही. नेट पूर्ण बंद असेल तर क्लायंट विचारतं तरी, की तसंच खेळायचं का. पण आमच्या भागात नेट धड चालू पण नाही, धड बंद पण नाही अशा अवस्थेत असतंय. सिग्नलची एक कांडी येते, जाते. तेव्हा ते वाट बघत बसतंय.

दोन मार्ग आहेत. एकट्यानं खेळायचा गेम असेल तर क्लायंट ऑफलाइन मोडमध्ये टाका. नाहीतर त्या गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, जनरल, तिथं क्लाउडचं बटण बंद करा. पण बंद केलं तर तुमची प्रगती त्याच मशीनवर राहील. दुसऱ्या पीसीवर ती दिसणार नाही आणि हा पीसी गेला तर सगळं गेलं. माझ्या भावानं आणि मी एकच खातं दोन ठिकाणी वापरायचं ठरवलं होतं, म्हणून मी ते चालूच ठेवलं आणि सिंक सुरू असताना फोन गच्चीच्या दारात ठेवतो.

जालना

माझं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान आहे, त्यामुळे एका मशीनचा नाही, बऱ्याच मशीनचा अनुभव सांगतो.

पहिली गोष्ट, बायोसचा सेल, म्हणजे पीसी बंद असतानाही आतलं घड्याळ चालू ठेवणारा. तो छोटा गोल सीआर२०३२. असेंबल पीसी सहा-सात वर्षांचा झाला आणि रोज लाइट जात असेल, की सेल कधी संपला ते कळतच नाही. लाइट गेली की घड्याळ काही वर्षं मागं जातं. मग क्लायंट सर्व्हरला जोडायला बघतं, पण तारीख चुकीची असल्यामुळे सुरक्षा प्रमाणपत्र जुळत नाही. ते परत परत प्रयत्न करत राहतं आणि गिऱ्हाईक म्हणतं गेम उघडत नाही. खाली उजव्या कोपऱ्यातली तारीख बघा, एवढंच मी फोनवर आधी सांगतो. सेल पन्नास रुपयांच्या आत येतो.

दुसरी, साटा केबल. डेस्कटॉपवाल्यांनी क्रिस्टलडिस्कइन्फो हे फुकट सॉफ्टवेअर टाकून डिस्कची तब्येत बघावी. त्यात सी७ नावाची ओळ असते, सीआरसी एररची. तो आकडा रोज वाढत असेल तर डिस्क चांगली असून केबल खराब किंवा सैल असू शकते. डेटा चुकीचा पोचतो, परत मागवावा लागतो, म्हणून संथ. केबल बदलल्यावर आकडा खाली येत नाही, फक्त वाढायचा थांबतो. तेवढं झालं की समजा काम झालं.

तिसरी गोष्ट गंभीर आहे. त्याच सॉफ्टवेअरमध्ये ०५ आणि सी५ या ओळींत शून्याऐवजी आकडे दिसले आणि वर पिवळं 'कॉशन' आलं, तर गेमचा विचार सोडा. डिस्क जायला लागली आहे. अशा वेळी पोरं इंटरनेटवर वाचून क्लायंटमधलं 'व्हेरिफाय' (गेमच्या फाइलींची तपासणी) चालवतात. त्यात अख्खा गेम परत वाचला जातो आणि मरायला टेकलेल्या डिस्कवर भलताच ताण येतो. आधी घरचे फोटो, सातबाऱ्याचे स्कॅन, बहिणीची प्रमाणपत्रं दुसरीकडं काढा. माझ्याकडं डिस्क पूर्ण बंद पडल्यावर आलेल्या लोकांचे चेहरे मी बघितलेत, म्हणून एवढं जोर देऊन लिहितोय.

आणि विंडोज मारायची वेळ आलीच, तर गेम ज्या ड्राइव्हवर आहेत त्याला हात लावू नका. फक्त सी ड्राइव्ह फॉरमॅट करा. नंतर क्लायंटमध्ये तो जुना लायब्ररी फोल्डर जोडून द्या, ते गेम ओळखतं. दुकानदाराला हे आधी सांगा, कारण सगळेच विचारून करतात असं नाही.

अंबाजोगाई

दादा, मी हॉस्टेलला राहते, लॅपटॉपमध्ये जागा कमी म्हणून सगळे गेम बाहेरच्या हार्ड डिस्कवर ठेवलेत. घरी गेले की लवकर उघडायचे, हॉस्टेलवर उशीर. लॅपटॉप तोच, डिस्क तीच. फरक एवढाच की हॉस्टेलच्या टेबलावर भिंत डावीकडे आहे, म्हणून तिथे मी वायर उजव्या बाजूला लावायचे. उजवीकडचं पोर्ट आतून काळं, डावीकडची दोन निळी. काळं यूएसबी २.० चं, ज्यातून प्रत्यक्षात सेकंदाला ३५-४० एमबीच जातात. निळ्यात डिस्क तिच्या पूर्ण वेगाने चालते. सगळ्या लॅपटॉपवर रंग नसतात, पोर्टजवळ एसएस ही अक्षरं शोधा. आता टेबलच फिरवून घेतलंय.

बीड

लॅपटॉपसोबत फुकट आलेला अँटीव्हायरस, मुदत कधीच संपलेली, तरी गेमची प्रत्येक फाइल उघडताना तपासत बसायचा. तो काढला की विंडोजचा डिफेंडर आपोआप सुरू होतो, तेवढा पुरतो. त्यातही उशीर वाटला तर एक्स्क्लूजन्समध्ये गेमचा फोल्डर टाकता येतो. पण विकत घेतलेल्या गेमचाच फोल्डर. पेन ड्राइव्हवरून कुणी आणून दिलेला क्रॅक केलेला गेम असेल तर अजिबात नाही, त्यातूनच लोकांच्या खात्यांचे पासवर्ड जातात.

धाराशिव

ग्राफिक्सचा ड्रायव्हर नवा टाकल्यावर पहिल्यांदा गेम उघडायला खूप वेळ लागला तर घाबरू नका. जुने तयार शेडर बाद होतात आणि कार्डासाठी परत तयार करावे लागतात. एकदा पूर्ण होऊ द्या. मध्येच बंद केलं की पुढच्या वेळी उरलेलं काम तसंच पुढे येतं. एनव्हिडियावाल्यांनी कंट्रोल पॅनलमध्ये शेडर कॅशची मर्यादा १० जीबी करून ठेवावी, म्हणजे दोन-चार गेम आलटून पालटून खेळले तरी जुने पुसले जात नाहीत. लाइट जायची वेळ माहीत असेल तर ड्रायव्हर त्याच्या आधी टाकू नका.

हिंगोली

मामाचा पीसी अजून विंडोज ७ वर होता. स्टीमनं १ जानेवारी २०२४ पासून ७, ८ आणि ८.१ चा आधार थांबवलाय. तिथं बाकी काहीही करत बसू नका, आधार चालू असलेलं नवं विंडोज घ्या.

छत्रपती संभाजीनगर (धागा उघडणारा)

जालन्याच्या दादांचं लिखाण मी जपून ठेवलंय. त्यात एक जोडतो: कधीकधी आपल्याकडे सगळं नीट असतं आणि दोष गेमच्याच कोडमध्ये असतो. जीटीए ऑनलाइन उघडायला लोक वर्षानुवर्षं मिनिटंच्या मिनिटं थांबत होते. २०२१ मध्ये बाहेरच्या एका प्रोग्रॅमरने शोधून काढलं की गेम सुरू होताना सुमारे १० एमबीची वस्तूंची यादी वाचतो, त्यात ६३ हजारांच्या आसपास नोंदी, आणि ती वाचायची पद्धत इतकी वाईट होती की सीपीयूचा एकच कोर त्यात अडकून पडायचा. त्याने दुरुस्ती करून दाखवली, वेळ ७० टक्क्यांनी कमी झाला. कंपनीने ते मान्य केलं, त्याला १० हजार डॉलर दिले आणि त्याच वर्षी मार्चमध्ये सगळ्यांसाठी सुधारणा आणली. तेव्हा टास्क मॅनेजरमध्ये डिस्क शांत, नेट शांत आणि फक्त एक कोर भरलेला दिसत असेल, तर तुमच्या मशीनवर पैसे घालू नका. आधी त्या गेमचे इतर खेळाडू काय म्हणतात ते बघा.

गंगाखेड

वरचं वाचून आज बघितलं. माझा टप्पा दुसरा. दरवेळी 'फर्स्ट टाइम सेटअप' दाखवायचं, जे एकदाच व्हायला पाहिजे. पीसी वडिलांचा, माझं खातं साधं, ॲडमिनचं नाही. त्यामुळे डायरेक्टएक्स आणि व्हिज्युअल सी प्लस प्लस ही गेमला लागणारी सॉफ्टवेअरं टाकायची परवानगी मिळायची नाही आणि ते प्रत्येक वेळी नव्यानं सुरू व्हायचं. वडिलांना बोलावून क्लायंट ॲडमिन म्हणून एकदा चालवलं, त्यांनी पासवर्ड टाकला, झालं. आता लगेच उघडायलंय. चुलत भावाच्या पीसीवर खिडकी काळी राहते, तो टप्पा तिसरा. तिथं सीपीयू आणि डिस्कचे आकडे रविवारी बघून इथंच टाकतो.