जॉर्ज विटेट: मुंबईचे वास्तुविशारद की साम्राज्याचे?

शिवडीकर:
गेटवे कोणी उभारलं असं विचारलं की बहुतेकांचं उत्तर 'इंग्रजांनी' इथेच संपतं. जॉर्ज विटेट हे नाव कुणी घेत नाही. १८७८ साली स्कॉटलंडमध्ये जन्मलेला हा माणूस १९०४ मध्ये भारतात आला, १९२६ मध्ये मुंबईतच वारला आणि आमच्या शिवडीच्या दफनभूमीत विसावला. त्या बावीस वर्षांत छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय, गेटवे, इन्स्टिट्यूट ऑफ सायन्स, धोबीतलावचं स्मॉल कॉजेस कोर्ट, केईएम रुग्णालय, बॅलार्ड इस्टेट!

माझं ठाम मत आहे की ते मुंबईचे वास्तुविशारद होते. पुरावा वस्तुसंग्रहालयाचा. घुमटासाठी त्यांनी विजापूरचा गोलघुमट डोळ्यांपुढे ठेवला, दगड कुर्ल्याचा आणि मालाडचा घेतला. आत शिरल्यावर मान वर करा. सज्जाभोवती ज्या लाकडी कमानी दिसतात, त्या नाशिकच्या एका जुन्या वाड्यातून विकत आणून बसवलेल्या आहेत. व्हीटी स्टेशन बघा आणि मग हे बघा. व्हीटीचं गॉथिक युरोपातून आलं, इथे विजापूर आणि नाशिक आहे.

गिरगावची:
असहमत. गेटवेवरचा मजकूर वाचलाय का? २ डिसेंबर १९११ ला इंग्लंडचे राजा-राणी, पंचम जॉर्ज आणि मेरी, इथे उतरले त्याची ती आठवण आहे. गुजरातच्या सोळाव्या शतकातल्या बांधकामाचं रूप घ्यायचं आणि ते परक्या बादशहाच्या स्वागताला उभं करायचं, याला आपुलकी कसं म्हणू? त्या शैलीतून 'आम्ही मुघलांचे, सुलतानांचे वारस' असं ठसवायचं होतं.

आणि बॅलार्ड इस्टेट त्यांचीच ना? तिथे जाळी नाही, घुमट नाही. बोटींच्या आणि व्यापाराच्या कचेऱ्यांना सरळ युरोपीय रूप. इथल्या मातीवर एवढं प्रेम होतं, तर ते तिथे कुठे गेलं?

चुनाविटा:
स्थापत्यात आयुष्य गेलेल्या माणसाचे दोन शब्द. दोघेही फक्त आराखड्यावर बोलताय. गेटवेची कोनशिला ३१ मार्च १९१३ ला बसली, आराखडा मंजूर झाला १९१४ मध्ये, आणि लोकार्पण थेट ४ डिसेंबर १९२४ ला. मधली बरीच वर्षं भराव टाकण्यात आणि पाया घालण्यात गेली. समुद्राच्या काठी २६ मीटर उंचीचं दगडी काम पेलायचं, तर तसंच लागतं. पिवळा बेसाल्ट खारोडीचा, जाळ्या ग्वाल्हेरहून आलेल्या. कामावर देखरेख होती रावबहादूर यशवंतराव हरिश्चंद्र देसाई यांची. विटेट यांचं नाव विसरलं गेलं म्हणून हळहळताय, पण देसाईंचं नाव इथे अजून कुणी काढलंसुद्धा नाही. आणि ज्या पाथरवटांनी तो दगड घडवला, त्यांची तर यादीही सापडायची नाही.

शिवडीकर:
चुनाविटा, देसाईंचं नाव मी घ्यायला हवं होतं. चूक माझी.

गिरगावची, बॅलार्ड इस्टेटकडे मी वेगळं बघतो. गोदी खोदताना निघालेल्या मातीदगडाने समुद्र बुजवून ती जमीन झाली. कोऱ्या जागेवर रस्त्यांना सावली, इमारतींना एकसारखी उंची, एकसारखी शिस्त. त्यांनी मुंबईला असा एक भाग दिला की आजही तिथून चालताना जीव गुदमरत नाही. जाळी नसली म्हणून तो परका होत नाही. आणि केईएम? परळच्या गिरणगावातल्या किती घरांतली माणसं तिथून बरी होऊन आली! माझी आई त्यांतलीच.

गिरगावची:
केईएम मलाही आपलंच वाटतं, पण कारण वेगळं. तिथल्या मेडिकल कॉलेजसाठी पैसे देणाऱ्या गोवर्धनदास सुंदरदास यांच्या विश्वस्तांनी अट घातली होती की शिकवणारे सरकारी नोकरीतले नसलेले, पात्र भारतीयच असावेत. ती इमारत आपली झाली ती त्या अटीमुळे. विटेट उत्तम कलावंत होते, यावर माझा वादच नाही. भारतीय वास्तुविशारदांच्या संस्थेचे ते पहिले अध्यक्ष होते, हेही मान्य. पण कमान सुंदर आहे म्हणून ती कुणासाठी उभारली हे मी विसरणार नाही. मुलीला गेटवे दाखवते तेव्हा आधी तो मजकूर वाचून दाखवते, आणि मग समोरच्या शिवाजी महाराजांच्या पुतळ्याकडे नेते.

चुनाविटा:
पुढच्या वेळी तिला देसाईंचं नावही सांगा.