देशात बांधकाम जोरात, मग सांगलीत गवंडी का मिळेना?

कृष्णाकाठ (सांगली):
शेतीनंतर सगळ्यात जास्त रोजगार बांधकामात म्हणतात, सातारा-कागल सहापदरी चाललंय, खंबाटकीला नवा बोगदा, आणि इथं कुपवाडच्या माझ्या साईटवर दोन महिने झाले गिलाव्याला माणूस नाही. सेंट्रिंगवाले बिहारचे, छटपूजेला गेले ते आलेच नाहीत. आपली विटा-आटपाडीकडची पोरं सोनं-चांदी गाळायच्या गलाईला पार देशभर जातील पण थापी धरणार नाहीत. मी हजार रुपये हजेरी द्यायला तयार आहे, अजून काय पाहिजे? सिमेंटचा जीएसटी सप्टेंबर 2025 मध्ये 28 चा 18 टक्के झाला, तो फायदा पण काम रखडल्यानं गेला. कष्टाची लाज वाटायला लागलीय, दुसरं काही नाही.

अजिंक्यतारा (सातारा):
दादा, लाज नाही, भीती आहे. माझे वडील 30 वर्षं गवंडी, शाहूपुरीत कितीतरी घरं त्यांच्या हातची. परांचीवरून पडले, कंबर गेली, मुकादमानं दवाखान्यात सोडलं आणि फोन बंद केला. मला थापी त्यांनीच हातात घेऊ दिली नाही. हजार हजेरी म्हणता, पावसाळ्यात किती दिवस? 1996 च्या कायद्यापासून बांधकाम खर्चाच्या 1 टक्का सेस कामगारांसाठीच गोळा होतो, पण बांधकाम कामगार कल्याण मंडळात नोंद करायला 90 दिवस कामाचा दाखला लागतो आणि तिथंच ठेकेदार हात वर करतो. तुम्ही किती जणांना दिलात?

कृष्णाकाठ:
चौघांना दिला. बाकीचे टिकतच नाहीत, आठ दिवस माझ्याकडं, आठ दिवस दुसरीकडं, मग 90 दिवस खोटे लिहू का? माझं सरकारी कामाचं बिल दीड वर्ष अडकलंय तरी शनिवारी बाजाराला पैसे हातावर ठेवतोच ना मी.

मिरजकर ताई:
मी घर बांधणारी, माझं पण ऐका. 2019 च्या पुरात जुनं घर गेलं, नवीन बांधताना जोतं उंच घेतलं, पण मिस्त्री म्हणून आलेल्याला ओळंबा धरता येईना. स्लॅबला दहा दिवस तरी पाणी मारा म्हणलं तर तीन दिवसांत पाईप गुंडाळला, शेवटी मीच पहाटे उठून मारत होते. पूर्वी बिगारी पाच-सहा वर्षं हाताखाली राहून गवंडी व्हायचा, आता शिकवतंय कोण? ठेकेदाराला तयार माणूस पाहिजे फक्त.

अजिंक्यतारा:
ताई बरोबर. आणि दादा, 90 दिवस एकाच मालकाकडं पाहिजेत असं कायद्यात कुठाय? मागच्या 12 महिन्यांतले सगळीकडचे मिळून धरायचे. आठ दिवस केले असतील तर आठ दिवसांचं लिहून द्या, खोटं कशाला?

कृष्णाकाठ:
असं असेल तर येत्या शनिवारी हजेरी वाटतानाच प्रत्येकाला लिहून देतो, ते माझ्याकडून चुकलंच. पण लाजेचं मी मागं घेत नाही. माझ्या पोरानं सिव्हिलचा डिप्लोमा केला आणि पुण्यात बँकेत लागला, साईटवर ये म्हणलं तर येत नाही. त्याच्या घरात कोण पडलं होतं परांचीवरून?