लग्नात ठरलेल्या पैशांवर बक्षिसी द्यायची का?

हिशेबी
मंगल कार्यालयातल्या लग्नात बक्षिसी बंदच करावी, असं माझं मत. केटररशी पानाचा दर ठरतो, बँडशी तासांचा, सजावट एकरकमी. मजुरी त्यातच धरलेली असते. तरी पाठवणीच्या वेळी मुलीच्या वडिलांभोवती दहा माणसं जमतात. वाढपी, वॉचमन, जनरेटरवाला, झाडणाऱ्या मावशी, सगळ्यांचं एकच, 'साहेब, खुशी द्या'. वडिलांचं लक्ष मुलीकडे, खिशात फक्त पाचशेच्या नोटा. पहिल्याला पाचशे दिले की पुढच्या प्रत्येकाचा तोच भाव. मग तीच माणसं वरपक्षाला गाठतात. एका कामाचे पैसे तीनदा! माणसांना जास्त द्यायचं तर पानामागे पाच रुपये वाढवा, ४०० पानांचे २,००० होतात, आणि करारात लिहा.

पंगतप्रमुख
ते २,००० वाढप्यापर्यंत पोचतील ही भाबडी समजूत. लग्नसराईत बरेचसे वाढपी रोजंदारीवर येतात. मुकादम माणसं पुरवतो, केटरर त्याला माणशी रोज मोजतो, मुकादम आपलं कापून पुढे देतो. पानाचा दर वाढवलात तर वाढ वरच्या वरच जिरते. थेट हातात दिलेल्या नोटेला कात्री लागत नाही.

आता आकडे. १०० पानांच्या पंगतीला सहा-सात वाढपी लागतात. मीठ-लिंबू-चटणी-कोशिंबीर एकाकडे, भाज्या दुसऱ्याकडे, मग वरण-भात, तूप, पुरी, गोड, शेवटी मठ्ठा. माणशी १०० ते २०० रुपये पुरेत. बुफेला माणसं कमी आणि वाकणंही नाही, तिथे १०० ठीक. आचारी, त्याच्या हाताखालचे आणि भांडी घासणाऱ्या बायका मागच्या बाजूला असतात, म्हणून नेमक्या त्याच राहून जातात. त्यांची पाकिटं आधी काढा.

वेळ महत्त्वाची. शेवटची पंगत उठल्यावर, पण भांडी टेम्पोत चढायच्या आत द्यायचं. पाठवणीपर्यंत थांबलात तर निम्मी माणसं दुसऱ्या कार्यालयात पोचलेली असतात आणि पैसे मॅनेजरच्या हाती पडतात.

हिशेबी
मुकादम कापतो हा त्याचा आणि केटररचा प्रश्न, यजमानाने तो का निस्तरायचा? शिवाय नोट कुणी दिली हे वाढप्याला बरोबर कळतं. आधी हात ओला केला की घरच्यांच्या पंगतीत जिलबी दोनदा फिरते आणि तिसऱ्या पंगतीतल्या लांबच्या पाहुण्यांना मठ्ठ्यासाठी हाका माराव्या लागतात.

पंगतप्रमुख
म्हणूनच आधी नाही, शेवटी द्या म्हटलं.

चौघडा
वाढप्यांचं ठीक आहे, पण बँडच्या बाबतीत मी हिशेबींच्या बाजूने. वरातीत नवरदेवावरून नोटा ओवाळल्या जातात, त्या गोळा करायला पथकातला एक माणूस मोकळाच ठेवलेला असतो. नोटा निघतात तोवर तेच गाणं पुन्हा पुन्हा वाजतं, वरात पुढे सरकत नाही. मुहूर्त हुकतो, पहिली पंगत लांबते आणि कार्यालय वेळेत रिकामं केलं नाही म्हणून अनामतीतून पैसे कापले जातात. ओवाळणीपेक्षा हा भुर्दंड मोठा.

सुपारी देतानाच तीन गोष्टी लिहून घ्या: वादक किती, निघायची आणि पोचायची वेळ, आणि ओवाळणीऐवजी शेवटी ठरावीक रक्कम, वेळेत पोचलात तरच. १५ जणांच्या पथकाला १,५०० ते २,००० सांगा. ती मास्तरकडे द्या, पण सगळ्यांसमोर मोजून. डोक्यावर दिवे वाहणाऱ्या बायका बहुतेकदा वेगळ्या रोजाने आणलेल्या असतात, त्यांना मास्तरच्या वाट्यातून काही मिळत नाही. त्यांचं पाकीट निराळं. आणि नोटा उधळू नका, माळाही करू नका, रिझर्व्ह बँकेनेच तसं आवाहन केलेलं आहे.

नगरी
बक्षिसीच्या या यादीत मानाची माणसं घुसडू नका. चुडा भरणारी कासारीण, पायघड्या घालणारा परीट, बोळकी आणून देणारा कुंभार यांचा खण-नारळ, टॉवेल-टोपी हा मान आहे. गावाकडे तो ठरलेला असतो, त्यात घासाघीस होत नाही. गुरुजींची दक्षिणाही आधीच विचारून ठरवावी. त्यांच्यासोबत दुसरे ब्रह्मवृंद येणार असतील तर त्यांची वेगळी, प्रवासखर्च वेगळा, साहित्य कोण आणणार तेही बोलून घ्यावं. वर आणखी शंभराची नोट पुढे केलीत तर कित्येकांना तो अपमान वाटतो.

मेकअपबॉक्स
साधा नियम: जी व्यक्ती स्वतःचा दर स्वतः लावते तिला बक्षिसी नाही. मेकअप आर्टिस्ट, मेंदीवाली, फोटोग्राफर हे आपापल्या धंद्याचे मालक. पण साडी नेसवायला आणि केसांना मदत करणारी मुलगी, फोटोग्राफरचा लाइट धरणारा पोरगा यांना २०० द्या. उशिरा आलेल्या मेकअपवालीच्या मदतनीस मुलीलाही द्या, उशीर तिने केलेला नसतो.

बँक्वेट
हॉटेलात लग्न असेल तर आधी कोटेशन वाचा. बऱ्याचदा जीएसटीच्या वरच्या ओळीत सेवाशुल्क बसवलेलं असतं. हॉटेल-रेस्टॉरंटनी ते बिलात आपोआप लावू नये, अशा मार्गदर्शक सूचना केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने जुलै २०२२ मध्ये काढल्या आणि दिल्ली उच्च न्यायालयाने मार्च २०२५ मध्ये त्या उचलून धरल्या. पण मेजवानीच्या करारावर तुम्ही सही केली असेल तर नंतर वाद घालणं जड जातं. सहीआधीच ती ओळ काढायला सांगा. काढत नसतील तर त्यातला किती भाग कर्मचाऱ्यांना जातो ते लेखी मागा. उत्तर टाळलं तर जात नाही असं समजा आणि वेटरना रोख द्या.

एडिसनकर
अमेरिकेत मराठी लग्नांत याच ओळीवरून गोंधळ होतो. केटररच्या करारात 'सर्व्हिस चार्ज' असतो, लोक त्यालाच टिप समजतात. तो बहुतेक ठिकाणी कंपनीच्या खात्यात जातो. 'ग्रॅच्युइटी' असं स्वतंत्र लिहिलं असेल तरी विचारून घ्यावं. भारतातून आलेले आईवडील उलट ढोलवाल्यावर डॉलर ओवाळतात आणि सर्व्हरना विसरतात.

हिशेबी
म्हणजे तुम्ही सगळे मिळून मला पंधरा पाकिटांचा खर्च सांगताय.

पंगतप्रमुख
सांगतोय, पण हिशेबात. मांडवखर्चाच्या यादीतच ५,००० ते ७,००० वेगळे काढा. शंभर-दोनशेच्या नोटा आठवडाभर आधी बँकेतून आणा, ऐन दिवशी सुट्टे कुणाकडे नसतात. पाकिटावर माणसाचं नाव नको, काम लिहा. जबाबदारी वधूवरांच्या आईवडिलांची नाही, काका-मामांपैकी एकाची. दोन्ही पक्षांनी कोण देणार ते आधी ठरवा आणि कार्यालयाच्या मॅनेजरला सांगून ठेवा: सगळं एकाच माणसाकडून मिळेल, बाकी कुणाला विचारायचं नाही. हे सांगितलं की पाठवणीची गर्दी निम्मी होते.

हिशेबी
हे पटलं. पण जनरेटरवाल्याला काहीही द्यायचं नाही, दिवे गेलेच नाहीत तर त्याने केलं काय?

चौघडा
आणि रात्री सगळे गेल्यावर मांडव उतरवणारी पोरं? त्यांचं पाकीट अजून कुणाच्याच यादीत आलेलं नाही.