'पंचमस्तंभी'ला दुसरा शब्द आहे का? (फितूर, घरभेदी नको)

कोरी पाटी
स्पेनच्या यादवीवरचा (१९३६-३९) एक मोठा लेख मराठीत करतेय आणि एका शब्दापाशी अडलेय. मी सरळ 'पंचमस्तंभी' (आपल्यात राहून शत्रूला सामील असलेला) लिहिलं होतं, पेपरांत वर्षानुवर्षं वाचलेला शब्द. मुद्रितशोधकांनी समासात लिहून पाठवलं की वाचकाला हे पत्रकार वाटतील, चौथा स्तंभ म्हणजे वर्तमानपत्रं तर पाचवा म्हणजे सोशल मीडिया असणार. म्हणून मुळाशी गेले तर घोळ तिथेच आहे. प्रजासत्ताक सरकारविरुद्ध उठलेल्या बंडखोरांच्या जनरल एमिलिओ मोलाच्या नावावर हे वाक्य सांगतात, १९३६ च्या शरद ऋतूतलं, की माद्रिदवर माझ्या चार फौजा चालून येतायत आणि पाचवी शहराच्या आतच आहे. म्हणजे स्पॅनिशमधला 'कोलुम्ना' इथे खांब नाहीच, कूच करणारी फौज आहे! कुणीतरी कोशातला पहिला अर्थ उचलला, स्तंभ केला आणि तोच रुळला.
लेखातली माणसं अशी आहेत: खिशात डाव्या कामगार संघटनेचं कार्ड, तोंडात 'कॉम्रेड', आणि मनानं बंडखोरांचा नेता फ्रँकोच्या बाजूची. काही जण वकिलातींत लपलेले. यांना काय म्हणू?

मोडीवाचक
फितूर. जुन्या पत्रांत पानोपानी आहे, किल्ला फितुरीनं गेला, अमका फितूर झाला. आपल्याकडे चारशे वर्षं चाललेला शब्द असताना खांब कशाला उभे करायचे?

निळी शाई
फितूर नाही चालणार. फितूर व्हायला माणूस आधी आपल्यात असावा लागतो, मग तो फुटतो. किल्लेदारानं दरवाजा उघडला तर तो फितूर, कारण कालपर्यंत तो आपलं मीठ खात होता. माद्रिदमधला फालांजवाला (फ्रँकोच्या बाजूच्या फॅसिस्ट पक्षाचा) प्रजासत्ताकाचा कधी नव्हताच, तो पहिल्या दिवसापासून विरोधातच होता फक्त अडकला चुकीच्या शहरात. तो कुणावरून फुटला सांगा? उलट मार्च १९३९ मध्ये कर्नल कासादोनं प्रजासत्ताकाचाच अधिकारी असून स्वतःच्या सरकारविरुद्ध उठाव केला, त्याला फितूर म्हणायचं का यावर भांडता येईल, या लोकांवर नाही.

सरळसोट
घरभेदी म्हणा. बिभीषणापासून सगळ्यांना कळतं.

निळी शाई
बिभीषण तर रावणाचा सख्खा भाऊ, म्हणजे परत तीच अडचण. आणि यादवीत 'घर' कुणाचं हाच तर वाद असतो. दोन्ही बाजू म्हणतात स्पेन आमचा, भेदी तुम्ही. 'घरभेदी' लिहिलं की अनुवादकानं निकाल दिला.

तळटीप
मला 'अस्तनीतले निखारे' आवडतं. बाहेरून दिसत नाही, आतून जाळतं. पण ते प्रत्येक वाक्यात वापरता येणार नाही हे खरं, 'तीन अस्तनीतले निखारे पकडले गेले' असं कुणी लिहीत नाही.
'पाचवी फळी' कसं वाटतं? फळी म्हणजे सैन्याची रांग, फळी फोडणे आपण म्हणतोच, नेत्यांची दुसरी फळी म्हणतो. फौजेचा अर्थ राहतो, आकडाही राहतो आणि पत्रकारांशी गल्लत होत नाही.

कोरी पाटी
तळटीप, हा आवडला. पण माणसाला काय म्हणायचं, पाचफळी?? आणि 'पंचमस्तंभी कारवाया' हा जोडशब्द इतका बसलाय की 'पाचव्या फळीच्या कारवाया' वाचताना लोक थांबतील.

सरळसोट
मग थांबू देत की. नाहीतर ठेवा पंचमस्तंभी. चुकीच्या भाषांतरातून आलेला शब्द चुकीचा राहतो असं थोडंच आहे, लोकांनी वापरला तो बरोबर. वाचकाला अर्थ कळतो ना, देशात राहून शत्रूला सामील असलेला. व्युत्पत्ती घेऊन काय करायचंय त्याला?

मोडीवाचक
हेच मला पटत नाही. चुकीचं चित्र डोक्यात बसतं त्याचं काय. खांब एका जागी उभा राहून छत पेलतो, ही माणसं छत पाडायला निघालेली. मराठी माणसाला पाचवा स्तंभ म्हटल्यावर आधार दिसतो, धोका दिसत नाही. आपण आपल्याच भाषेत आंधळेपणानं बोलतो मग. हस्तक हा इतका चांगला शब्द पडून आहे.

निळी शाई
हस्तक म्हणजे दुसऱ्याच्या सांगण्यावरून काम करणारा. माद्रिदमध्ये सुरुवातीला सांगणारं कुणी नव्हतंच, छोटे छोटे गट आपापले चालायचे. फालांजच्या बायकांनी 'निळी मदत' नावाचं जाळं उभं केलं होतं, लपलेल्यांना जेवण आणि खोटे कागद पोचवायचं, त्या कुणाच्या हस्तक? फ्रँकोच्या हेरखात्याशी नीट धागा जुळला तो नंतर.
आणि कोरी पाटी, मला वाटतं तुमच्या लेखासाठी सगळ्यात महत्त्वाचं वेगळंच आहे. हा शब्द वर्णन म्हणून कमी आणि आरोप म्हणून जास्त वापरला गेला. मोलाचं ते वाक्य प्रजासत्ताकाच्या बाजूच्या पेपरांनीच उचललं, भिंतींवर लागलं, आणि मग शेजारी शेजाऱ्याकडे संशयानं बघायला लागला. नोव्हेंबर-डिसेंबर १९३६ मध्ये माद्रिदच्या तुरुंगांतून कैदी गाड्यांत भरून शहराजवळच्या पाराकुएयोसला नेऊन गोळ्या घातल्या, हजारांवर माणसं, ही शहरात शिरणाऱ्या फौजेला मिळतील या भीतीनं. पुढच्या वर्षी पोउम या स्टालिनविरोधी डाव्या पक्षाच्या आंद्रेउ निनवर फ्रँकोचा हेर असल्याचा आरोप आला, पुरावा म्हणून बनावट कागद पुढे केले, जूनमध्ये त्याला पकडलं आणि सोव्हिएत गुप्त पोलिसांच्या हातून तो मारला गेला. तो आयुष्यभर डावा. त्याच्या तोंडावर जो शब्द फेकला गेला तोच शब्द खऱ्या फालांजवाल्यालाही, तर मराठीत एकच ठेवायचा का? मी खऱ्यांना 'लपलेले फ्रँकोवादी' म्हणेन आणि आरोप असेल तिथे अवतरणात 'पंचमस्तंभी'.

कोरी पाटी
हे मात्र नीट विचार करण्यासारखं आहे, अवतरणाचं. अजून एक विचारते, अशा माणसाची जी खोटी ओळख असते, खोटं नाव, कार्ड, इतिहास सगळंच, त्याला 'तोतयेगिरी' लिहिलंय ते चालेल?

तळटीप
नाही हो. तोतया म्हणजे प्रत्यक्षात असलेल्या माणसाचं सोंग घेणारा, भाऊसाहेबांचा तोतया. नसलेलाच माणूस तयार केला तर तोतया कसा? अमेरिकेच्या यादवीत सेरा एमा एडमंड्स 'फ्रँकलिन थॉम्पसन' नावानं पुरुष बनून मिशिगनच्या दुसऱ्या पलटणीत भरती झाली होती, फ्रँकलिन थॉम्पसन असा कुणी आधी नव्हताच. ती बहुरूपी म्हणा हवं तर.

सरळसोट
बहुरूपी पोटासाठी सोंग घेतो आणि समोरच्यालाही ते सोंग आहे हे माहीत असतं. हिची तर सगळी मदार कुणाला न कळण्यावर होती. 'नाव बदलून' लिहा ना, साधं.

मोडीवाचक
कौटिल्याकडे यातलं सगळं आहे, आपण बघत नाही. गूढपुरुष म्हणजे गुप्त काम करणारा, त्यात व्यापाऱ्याच्या वेषातला वेगळा, तापसाच्या वेषातला वेगळा, शेतकरी वेगळा, प्रत्येकाला वेगळी संज्ञा. आणि आपण ज्याला डबल एजंट म्हणतो त्याला 'उभयवेतन'. दोन्हीकडून पगार घेणारा. त्यांची बायकापोरं राजानं ताब्यात ठेवावीत असंही सांगितलंय, म्हणजे धोका त्यांना पूर्ण कळला होता. इतका नेमका शब्द आहे, वापरा.

सरळसोट
उभयवेतन वाचून मला वेतन आयोग आठवेल. डबल एजंट सगळ्यांना कळतं, ते आता मराठीच आहे.

मोडीवाचक
कळतं म्हणजे सवय आहे. महापौर आणि दूरध्वनी पण आधी कुणाला कळत नव्हते.

सरळसोट
महापौर राहिला. दूरध्वनी लेटरहेडवर राहिला, बोलताना फोनच.

निळी शाई
उभयवेतनला स्पेनमधलंच उदाहरण आहे. किम फिल्बी फ्रँकोच्या बाजूनं लंडनच्या टाइम्सला बातम्या पाठवायचा आणि त्याच वेळी मॉस्कोसाठी हेरगिरी करायचा. १९३७ च्या अखेरीला तेरुएलजवळ गाडीवर तोफगोळा पडला, बरोबरचे तीन पत्रकार गेले, हा वाचला, आणि फ्रँकोनं स्वतः त्याच्या छातीवर पदक लावलं. त्या पदकामुळे फ्रँकोच्या बाजूच्या लोकांना तो आणखीच आपला वाटायला लागला.

मोडीवाचक
वा, म्हणजे तो दोन्ही अर्थांनी बातमीदार! जुन्या कागदांत बातमीदार म्हणजे हेरच, शत्रूच्या गोटातून बातमी आणणारा. नजरबाज, जासूद, बातमीदार हे सगळे त्याच कामाचे. पेपरवाल्याला तो शब्द नंतर मिळाला.

तळटीप
जासूद नक्की हेर का? मला जासूद म्हणजे पत्र पोचवणारा, हरकाऱ्यासारखा, असं माहीत होतं. अरबी जासूसवरून आला म्हणून हेर म्हणायचं का?

मोडीवाचक
दोन्ही. पत्र घेऊन गेला की डोळे मिटून थोडाच यायचा.

तळटीप
पण मग हेर हा शब्द 'हेरणे'वरून आला की हेरवरून हेरणे? संस्कृत कोशात 'हेरिक' आहे हेराच्या अर्थानं.

निळी शाई
माझ्या मते तो देशी शब्द असणार, नंतर संस्कृतात घेतलेला. हेरणे म्हणजे नुसतं बघणं नाही, बघून मनात ठेवणं, निवडून ठेवणं. शिकारी सावज हेरतो. तो सूर संस्कृत वाटत नाही मला.

मोडीवाचक
सूर बघून शब्दाचं कूळ ठरत नाही. कोशात संस्कृत दिलाय तर संस्कृत.

कोरी पाटी
मंडळी, उद्या संध्याकाळी मजकूर द्यायचाय. 'पाचवी फळी' पहिल्यांदा येईल तिथे कंसात पंचमस्तंभी, आणि आरोपाच्या ठिकाणी अवतरण, असं केलं तर कुणाची हरकत?

सरळसोट
माझी आहे. उलट करा, पंचमस्तंभी बाहेर आणि फळी कंसात.

तळटीप
हेरिकवरून एक आठवलं, 'टेहळणी' कुठून आला असेल? टेहळ्या, टेहळणी बुरूज... याचं मूळ कुणी शोधलंय का?

मोडीवाचक
टेहळणीचा वेगळा धागा काढा, त्यावर बरंच आहे माझ्याकडे. आणि निळी शाई, हेरिकबद्दल मी अजून मान्य केलेलं नाही.