एकत्रीकरणात कमी झालेले 11 आर: पन्नास वर्षांनंतर दाद मागता येते का?

प्रश्न (परळचा वाचक):
आमचे मूळ गाव सातारा जिल्ह्यातील खटाव तालुक्यात आहे. 1974 साली गावात एकत्रीकरण योजना (विखुरलेले तुकडे एकत्र करून जमिनींना नवे गट नंबर देणारी सरकारी योजना) आली, तेव्हा आजोबा मुंबईत गिरणीत कामाला होते आणि शेती चुलत आजोबा पाहत होते. त्यापूर्वीच्या सातबारावर आमचे क्षेत्र 2 एकर 10 गुंठे आहे, तर गट नंबर पडल्यानंतरच्या उताऱ्यावर ते 0 हेक्टर 80 आर इतकेच दिसते. बांध मात्र तेव्हापासून आजपर्यंत जागचा हललेला नाही. गेल्या महिन्यात शेजारच्या गटधारकाने सरकारी मोजणी आणली आणि हद्दीच्या खुणा आमच्या रानात अशा दाखवल्या गेल्या, की आजोबांनी गिरणीच्या पगारातून खोदलेली विहीर शेजाऱ्याच्या गटात जाते. वडील शहात्तर वर्षांचे आहेत आणि या काळजीने खचले आहेत. आम्ही कोणाकडे जावे?

उत्तर 1 (निवृत्त भूकरमापक):
आधी हिशेब पाहू. 2 एकर 10 गुंठे म्हणजे 90 गुंठे, म्हणजेच सुमारे 91 आर. तेव्हा 11 आरांची तूट एकर-गुंठ्यांचे हेक्टर-आर करताना पडलेली नाही. पोटखराबा (लागवडीस अयोग्य जमीन) वेगळा दाखवून 80 आर हे केवळ लागवडीलायक क्षेत्र लिहिले आहे का, हे प्रथम तपासा, कारण पुष्कळ तक्रारी तिथेच मिटतात. तसे नसेल, तर तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयातून एकत्रीकरण योजनेचा उतारा, खातेदारांचे जबाब, आकारबंद (गटांचे क्षेत्र व आकारणी यांची सरकारी नोंद) आणि गटाचा नकाशा यांच्या नकला घ्या, आणि तहसीलच्या अभिलेख कक्षातून जुना सातबारा व फेरफार काढा. शेजाऱ्याचे क्षेत्र तेवढेच वाढले आहे का, हेही पाहा. चूक योजनेतच आहे की योजनेवरून सातबारा लिहिताना झाली, हे या कागदांवरून कळेल आणि पुढचा मार्ग त्यावरच ठरेल.

उत्तर 2 (मुंबईतील वकील):
योजना बरोबर असून केवळ उतारा चुकला असेल, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 155 खाली तहसीलदारांकडे लेखनप्रमादाची (लिहिताना झालेल्या चुकीची) दुरुस्ती मागता येते. चूक योजनेत असेल, तर 1947 चा तुकडेबंदी व एकत्रीकरण कायदा लागतो. त्याच्या कलम 31-अ खाली लेखनातील वा आकडेमोडीतील चूक दुरुस्त होते, तर कलम 32 खाली योजनेतच बदल करता येतो. पण त्यासाठी बदलाचा मसुदा प्रसिद्ध करून शेजाऱ्याची हरकत ऐकावी लागते. कलम 32 मध्ये मुदत लिहिलेली नसली, तरी हा अधिकार वाजवी काळात, सर्वसाधारणपणे तीन वर्षांत वापरावा, असे मुंबई उच्च न्यायालयाने म्हटले आहे. त्यामुळे पन्नास वर्षांनंतर या कलमावर एकट्यावर विसंबून राहणे मला धोक्याचे वाटते.

या कायद्याखाली ज्या मुद्द्यांचा निर्णय अधिकाऱ्यांनी द्यायचा, ते कलम 36-अ मुळे दिवाणी न्यायालयाला ठरवता येत नाहीत. मात्र प्रदीर्घ ताबा हा तुमच्या हातातला स्वतंत्र आधार आहे. बारा वर्षांहून अधिक काळच्या उघड व प्रतिकूल (मूळ मालकाच्या हक्काविरुद्धच्या) ताब्यावरून वादीलाही मालकी मागता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये स्पष्ट केले. पीकपाहणीच्या नोंदी आणि विहिरीच्या वीजजोडणीची बिले आजच जमवा, आणि शेजारी बळाने ताबा घेईल अशी भीती असेल तर मनाईचा दावा लांबवू नका.

उत्तर 3 (डोंबिवलीची वाचक):
आमच्याही घरी असाच वाद होता. तो बारा वर्षे चालला आणि त्यात दोन्ही घरांतील वडीलधारी माणसे गेली. शेजाऱ्याची जमीन तुमच्या ताब्यात आणि तुमची त्याच्या ताब्यात, अशी अदलाबदल आढळली, तर 2023 मध्ये आलेल्या सलोखा योजनेची चौकशी अवश्य करा. परस्परांचा ताबा किमान बारा वर्षांचा असेल आणि दोघांची संमती असेल, तर त्या योजनेत 1000 रुपये मुद्रांक शुल्क व 1000 रुपये नोंदणी फी भरून अदलाबदलीचा दस्त करता येतो. तुमची जमीन एकतर्फी कमी झाली असेल, तर मात्र ती लागू पडणार नाही.

मूळ प्रश्नकर्ता:
सर्वांचे मनापासून आभार. नकला मिळाल्या. पोटखराबा वेगळा दाखवलेला नाही आणि शेजारच्या गटात नेमके 11 आर वाढलेले आहेत, म्हणजे अदलाबदलही नाही. आजोबांच्या नावच्या जबाबावर अंगठा आहे. आजोबा सही करत असत आणि त्यांच्या गिरणीच्या कागदांवर ती आहे. हे सारे घेऊन सोमवारी वडुजला, म्हणजे आमच्या तालुक्याच्या ठिकाणी, वकिलांना भेटत आहे, आणि त्याआधी रविवारी वडील स्वतः शेजाऱ्याच्या घरी जाऊन बोलणार आहेत.