बालनट, बालकलाकार आणि बेबी पेगी

पणजी, अनुवादक:
आमच्या सिनेमाप्रेमी मंडळाच्या पत्रिकेसाठी जॅकी कूगनवरचा लेख मराठीत करतोय. 'द किड' (१९२१) मधलं चॅप्लिनसोबतचं ते पोर. मूकपटांत जगभर गाजला आणि १९३० मध्ये 'टॉम सॉयर' या बोलपटात आला तेव्हा मिसरूड फुटायच्या वयात होता. मी सगळीकडे 'बालनट' लिहिलं, संपादकांनी 'बालकलाकार' केलं. मला तो शब्द मोघम वाटतो. तबला वाजवणारा मुलगाही बालकलाकारच ना? आणि पुढच्या परिच्छेदात बेबी पेगी येते. मूकपटांत लाखोंची लाडकी, पण बोलपट आले तोवर तिची चलती सरली होती. तिला काय म्हणू, बालनटी?

फोंडा:
बालनटी अजिबात नको. नटी म्हटलं की सूत्रधाराबरोबर येणारी बाई डोळ्यांपुढे उभी राहते. बालकलाकार मुलगा-मुलगी दोघांनाही चालतो, शिवाय आज पेपरात तोच छापतात. संपादकांचं बरोबर आहे.

डिचोली:
पेपरात छापतात म्हणून बरोबर? पेपरात काय वाट्टेल ते छापतात. बालकलावंत म्हणा, भारदस्त शब्द आहे.

मडगाव:
पुण्यात म्हणा, गोव्यात जपून. इथे 'कलावंत' हे देवळांत गाणं-नाच करणाऱ्या घराण्यांचं नाव होतं. त्यांच्यावर लादलेली अवहेलना झुगारून त्या समाजाने स्वतःला गोमंतक मराठा समाज म्हणवून घेतलं. आमच्या आजीसमोर तो शब्द कोणी सहज उच्चारत नसे. डिचोलीचे भाऊ, शब्द वाईट नाही, पण एका पोरीच्या नावापुढे तो इथे कसा वाचला जाईल याचा विचार करा.

फोंडा:
हे महत्त्वाचं बोललात. कोशात हे सापडणार नाही.

मंगेशी:
जुन्या लोकांना असल्या शब्दांची गरजच नव्हती. जाहिरातीत 'मास्टर' अमुक किंवा 'बेबी' तमुक लिहिलं की पोर आहे हे कळायचं. इंग्रजीत लहान मुलाच्या नावामागे मास्टर लावत, ते आपण उचललं. आणि मग सोडलंच नाही! आमच्या मंगेशीचे दीनानाथ बलवंत संगीत मंडळी या नाटक कंपनीचे मालक झाले तरी मास्टरच राहिले. मास्टर विठ्ठल पोरवयात नाटक कंपनीत आले, मूकपटांत मारधाडीचे नायक झाले आणि १९३१ च्या 'आलम आरा'चे नायक म्हणूनही मास्टरच. त्यांना हिंदी-उर्दू संवाद जमेनात म्हणून नायक बराच वेळ गुंगीत दाखवला, असं सांगतात. अनुवादकांनी हे लेखात घ्यावं. बोलपटाने कूगनचं काय केलं हे वाचणाऱ्याला आपल्याकडे काय झालं तेही कळू दे.

डिचोली:
मास्टर इंग्रजांकडून आला हे मान्य नाही. आमच्याकडे सुताराला मेस्त म्हणतात, तो पोर्तुगीज 'मेस्त्रे'वरून. दीनानाथ गोव्याचे, तेव्हा त्यांचं 'मास्टर' मेस्तचंच भावंड.

मंगेशी:
दोन्ही शब्द मुळात लॅटिनमधलेच, पण मास्टर विठ्ठल गोव्याचे नव्हते. त्यांना मेस्त कुठून चिकटला?

म्हापसा:
दीनानाथांचं मास्टर गाण्यातल्या अधिकाराचं, विठ्ठलांचं पोरपणाचं. एकच शब्द, दोन वाटा.

मंगेशी:
चौदा-पंधराव्या वर्षी किर्लोस्कर नाटक कंपनीत आलेल्या दीनानाथांना अधिकार म्हणून मास्टर? नाही पटत.

पणजी, अनुवादक:
मंडळी, बेबी पेगीचं काय?

मडगाव:
तुमची अडचण आणखी वाढवते. फाळक्यांच्या 'कालिया मर्दन'मध्ये (१९१९) कृष्ण झाली त्यांची मुलगी मंदाकिनी. पोर मुलगी, भूमिका मुलाची, त्यात सिनेमा मुका. तिथे मी तरी 'बालनट'च लिहीन. नट हा शब्द भूमिकेला लागू होतो, अंगाला नाही. दशावतारात पुरुष बाईचं काम करतो तेव्हा त्याला स्त्रीपार्टी म्हणतात, नटी म्हणत नाहीत.

डिचोली:
स्त्रीपार्टीतला 'पार्टी' तरी कुठला? तोही पोर्तुगीजच असणार.

फोंडा:
इंग्रजी 'पार्ट', नाटकातलं काम. राजाचं काम करणारा राजपार्टीही तसाच. प्रत्येक शब्द लिस्बनहून येत नाही हो, भाऊ.